अवेळच्या उत्तरेला

अल सद्द, दोहा
शुक्रवार, १२ सप्टेंबर २०२५

नीलाताई,

हे पत्र नमितावहिनींबरोबर पाठवतोय. त्या आमच्याच बिल्डिंगमध्ये राहतात. त्यांच्या आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय, म्हणून नाशिकला निघाल्यात. अर्ध्या अल सद्दच्या पिशव्या त्यांच्या बॅगेत आहेत. माझं पाकीट हातावर तोलून म्हणाल्या, "कागदच ना, भावोजी? मग द्या. खजूर असते तर नाही म्हटलं असतं." तुझ्या फोनवर माझा नंबर लागत नाही, मेलला उत्तर येत नाही. म्हणून आई करायची तसं, जाणाऱ्याच्या बॅगेतून.

काम एकच आहे. अण्णांच्या नकाशांचं पुस्तक निघतंय. ताहेरुन्निसा नावाची हैदराबादची एक बाई इथे चित्रांची छोटी गॅलरी चालवते, ती काढतेय. नोव्हेंबरच्या मध्यात छपाई. सगळी पानं पक्की झाली, एक सोडून. शेवटच्या नकाशात उत्तरेचा मोठा तुकडा अण्णांनी रिकामा ठेवलाय. तिथे निळा रंग भरायचा की पांढरं ठेवायचं, हे घरचा माणूस म्हणून मी सांगायचं आहे. मला सांगता येत नाहीये. तो तुकडा तुझा असावा असं मला वाटतं.

"वाटतं" हा शब्द मी खोडून पुन्हा लिहिला. "आहे" लिहिण्याइतका पुरावा माझ्याकडे नाही.

प्रस्तावनाही मलाच लिहायची आहे. खर्डा खाली उतरवतो. चूक असेल तिथे सांग, तुला माझ्यापेक्षा जुनं आठवतं.

"आमचे वडील हेमचंद्र १९७९ साली नाशिकहून ड्राफ्ट्समन म्हणून दोह्यात आले. शहराचे रस्ते ते हाताने, शाईने काढत. पण शहर थांबत नव्हतं. किनाऱ्यावर भराव पडत होता. ज्या ठिकाणी समुद्र दाखवला, तिथे शाई वाळेपर्यंत रस्ता होत होता. 'जागा काढून काय उपयोग, वेळ काढायला हवी,' असं ते म्हणत. ऑफिसात कॉम्प्युटर आले आणि त्यांच्या हाताला काम उरलं नाही. तेव्हा जेवणाच्या टेबलावर ते एका नसलेल्या देशाचे नकाशे काढू लागले. त्या देशाचं नाव अवेळ.

"अवेळमध्ये रस्त्याची लांबी म्हणजे तो चालायला लागणारा काळ. म्हणून तोच रस्ता जाताना एक असतो आणि परतताना दुसरा. तिथे उंची म्हणजे वाट पाहणं. ज्याची वाट पाहिली जाते, त्याच्या नावाने जमीन वर येते. वाट जितकी, डोंगर तितका. माणूस आला की डोंगर खाली बसतो आणि शेत होतं. म्हणून अवेळची सुखी माणसं सपाट जमिनीवर राहतात. ज्याची कोणीच वाट पाहिली नाही, तिथे समुद्र. दर वर्षी उंच्या बदलतात, म्हणून दर वर्षी नवा नकाशा."

"वेळ काढायला हवी" हे अण्णा म्हणत की आई म्हणायची? आईच्या तोंडी ते वेगळ्या अर्थाने असायचं, टेबल आवरायला लावताना. आता मला दोन्ही आवाज एकच ऐकू येतात.

नकाशे वेबसाइटवर गेल्यापासून काय काय झालं ते प्रस्तावनेत घालू की नको, ठरत नाही. ब्राझीलची एक शिक्षिका वर्गातल्या मुलांकडून त्यांचे त्यांचे अवेळ काढून घेते. साताऱ्याच्या एका बाईंनी लिहिलं की त्यांचा नवरा बोटीवर असतो आणि त्या दर महिन्याला त्याच्या डोंगराला एक रेघ वाढवतात. या लोकांना अण्णा आपल्यापेक्षा बरे समजलेत, असं कधीकधी वाटतं.

तीच वेबसाइट तू २०२२ साली पाहिलीस. आईचं नयनाशिखर होतं, तुझ्या भावजयीचा गौरीगड होता, भाचीच्या, उर्वीच्या नावाचा माळ होता, अण्णांच्या ऑफिसातल्या बशीरचाचांचंसुद्धा टेकाड होतं. उत्तरेला नुसतं निळं. तू अण्णांना फोन केलास, "माझं घर कुठंय?" मी शेजारीच बसलो होतो. ते म्हणाले, "अजून नाही." तू फोन ठेवलास. तुझा आणि या घराचा बोलण्याचा संबंध तिथे संपला. २०२४च्या फेब्रुवारीत अण्णा गेले आणि मी त्यांना विमानातून नाशिकला आणलं, तेव्हाही तू अमरधाम स्मशानाच्या फाटकाशी उभी राहिलीस आणि न बोलता गेलीस.

ताहेरुन्निसा म्हणते, तो निळा रंग वेबसाइट करणाऱ्या मुलाने भरला, रिकामं दिसलं म्हणून. अण्णांना विचारून का, ते त्याला आठवत नाही. पण तुझ्या फोननंतरही अण्णांनी तो रंग बदलायला लावला नाही, हेही खरं आहे. दोन्ही लिहितो. तू ठरव.

निळा की पांढरा, एवढंच कळव.

अमेय


अल सद्द
शुक्रवार, २६ सप्टेंबर

ताई,

नमितावहिनी परवा आल्या. त्यांनी जिना चढता चढताच सांगायला सुरुवात केली. "तुमच्या ताईंनी पाणी दिलं, बसा म्हणाल्या नाहीत. उभ्यानेच वाचलं. मग म्हणाल्या, 'सांगा त्याला, निळाच दे. समुद्र बरा. समुद्रात निदान कोणी घर बांधायला जात नाही.' मी म्हटलं, अहो, आमच्या दोह्यात समुद्रातच घरं बांधतात! तर जरा हसल्या. हसल्या म्हणजे, असं नाकातून."

त्या नाकातून हसण्यावर मी दोन दिवस विचार करतोय.

तू सांगितलंस तसा निळा सांगून मी मोकळा व्हायला हवं होतं. सही करायला गॅलरीत गेलोही. ताहेरुन्निसाने मूळ कागद टेबलावर पसरला होता. दुपार होती, खिडकीतून ऊन तिरकं येत होतं आणि मला कोऱ्या जागेत रेघा दिसल्या.

अण्णांची ती फिकट निळी पेन्सिल तुला आठवत असेल. ऑफिसात कच्चा आराखडा आधी तिने काढायचे, कारण छपाईत ती उमटत नाही; मग वरून शाई. आपण तिने स्वयंपाकघराच्या भिंतीवर लिहायचो आणि आईला दिवसभर दिसायचं नाही. उत्तरेचा तो अख्खा तुकडा त्या पेन्सिलीने भरलेला आहे. स्कॅनमध्ये काहीही आलं नाही. येणारच नव्हतं.

तुला फोटो पाठवायचा म्हणून मी फोन काढला. फोटोत पांढरा कागद. दिवा लावून काढला, दिवा बंद करून काढला. बरोबर आलेली उर्वी स्क्रीन बघून म्हणाली, "इट्स ब्लँक, बाबा. आय सी नथिंग." मग कागदावर नाक टेकवलं आणि म्हणाली, "ओह. ओह, वेट." म्हणून आता शब्दांत सांगण्याशिवाय माझ्याकडे साधन नाही. वहिनी दिवाळीला पुन्हा जातील. तोवर या पत्रात भर घालत राहीन.

गोल रेघा आहेत. एकात एक, नकाशात डोंगर दाखवतात तशा. पण एका जागी नाहीत. किनाऱ्यालगत काढल्यात, खोडल्यात, आत सरकवल्यात, खोडल्यात, पुन्हा पश्चिमेला. खोडल्याच्या खुणांवर नव्या रेघा. प्रत्येक ठिकाणी मधोमध एक लहानसं घर. घराला एक दार आणि मागे एक विहीर. नाव कुठेही नाही. पण आपल्या घरातल्या बाकी सगळ्यांना जागा मिळालीय, राहिलीस ती तूच.

मला फार आनंद झाला. मग ताहेरुन्निसाने विचारलं, "अमेय साब, ये पहाड़ है के गड्ढा?"

मी म्हटलं, डोंगरच. ती म्हणाली, "नंबर किधर है?"

नंबर नाहीत. एकात एक गोल रेघा टेकडीच्या असतात तशाच खड्ड्याच्याही. उंचीचे आकडे लिहिल्याशिवाय दोन्ही सारखेच दिसतात. अण्णांनी बाकी प्रत्येक डोंगरावर आकडे लिहिलेत. इथे नाहीत.

अवेळच्या नियमात डोंगर म्हणजे वाट पाहिली. खड्ड्याचा नियम मला कुठल्याच वर्षीच्या नकाशात सापडत नाही. अण्णांनी खड्डा कधी काढलाच नाही. मग इथे पहिल्यांदा काढला असेल का? आणि खड्डा म्हणजे काय?


शुक्रवार, ३ ऑक्टोबर

आज उम्म सलाल मोहम्मद या गावी बशीरचाचांकडे जाऊन आलो. ते मुलाकडे राहतात, मागे थोडी शेतजमीन आहे, तिथे खुर्ची टाकून बसले होते. चहा झाल्यावर मी विचारलं, उत्तरेला काय काढत होते अण्णा?

म्हणाले, "बेटी का घर." मग म्हणाले, "मैं बोला, नंबर डालो, खलास करो. वो बोला, देखा नहीं तो नंबर कैसे डालूँ?"

हे मला पटलं, कारण हा त्यांचा जुना हट्ट होता. जागेवर पाय ठेवल्याशिवाय शाई नाही. ऑफिसात सर्व्हेचा कागद आला तरी गाडी काढून कोपऱ्यापर्यंत जाऊन बघायचे. बशीरचाचांचं टेकाड नकाशात घालायचं म्हणून ते कासरगोडला त्यांच्या घरी जाऊन आले होते. म्हणजे तुझं घर त्यांनी पाहिलं नव्हतं, म्हणून पेन्सिल. म्हणजे "अजून नाही" याचा अर्थ "अजून पाहिलं नाही". मी घाईघाईने वहीत लिहून घेत होतो. तेवढ्यात चाचा म्हणाले, "या शायद वो दूसरी बात थी. समैस्मा के किनारे बैठे थे हम, मछली नहीं मिली उस दिन, तो बोला, उधर पानी ही रहने दो, बशीर. पानी अच्छा है."

मी विचारलं, आधी काय बोलले आणि नंतर काय?

"अरे बेटा," चाचा हसले, "तुम्हारे बाप का आगे-पीछे मेरे को कभी समझा क्या? वो तो खुद बनाता था."

तर माझ्याकडे एकाच माणसाच्या दोन साक्षी आहेत आणि त्यांचा क्रम माहीत नाही. माझ्याकडे ऑडिटला असा कागद आला असता तर मी परत पाठवला असता.

परतीच्या रस्त्यावर एक गोष्ट मनात आली. लिहू की नको असं करत इथवर आलोय. अण्णांनी तुझं घर पाहिलं नाही, कारण आई गेल्यावर ते माझ्याबरोबर दोह्याला परत यायला निघाले तेव्हा तू म्हणाली होतीस, "जा. पण मग माझ्या दारात यायचं नाही." आम्ही कोणी अजून न पाहिलेल्या तुझ्या नव्या घरात तू त्यांच्यासाठी खोली तयार केली होतीस. खिडकीला जाळीसुद्धा बसवून घेतली होतीस, डासांसाठी. रागावणं साहजिक होतं. पण अण्णा शब्दाचे कसे होते ते तुला माहीत आहे. "यायचं नाही" म्हटल्यावर ते आले नाहीत. आठ वर्षांत पुण्याला आले, मुंबईला आले, नाशिकला तुझ्या दारात आले नाहीत. कासरगोडला गेले.

याचा दोष तुझ्यावर ढकलतोय का? वाक्य पुन्हा वाचलं तर तसंच दिसतं. त्यांनी एकदा येऊन दाराशी उभं राहायला काय हरकत होती? मुलीने रागात म्हटलेलं शब्दशः कोण पाळतं? आपलेच अण्णा. त्यांनी तो कायदा असल्यासारखा पाळला, आणि त्यात त्यांची सोयही नव्हती असं मला छातीवर हात ठेवून सांगता येत नाही. इथलं टेबल, इथली खिडकी, दोन्ही त्यांना सोडायची नव्हती.


शनिवार, ११ ऑक्टोबर

ताहेरुन्निसाचा फोन. "प्रेसवाले जान खा रहे मेरी. मेरेकू बस एक लफ़्ज़ होना. नीला बोलो, सफेद बोलो, मगर बोलो!" पांढरं ठेवलं तर वाचक म्हणतील, नकाशा अपुरा. निळं केलं तर म्हणतील, इथे कोणी नव्हतं. एकदा छापलं की तेच खरं ठरेल. ब्राझीलची मुलंसुद्धा तेच शिकतील.

गौरीला मी सगळा पुरावा क्रमाने सांगितला. ती कणीक मळत ऐकत होती. म्हणाली, "एवढ्या गोल रेघांचा अर्थ लावतोयस. ताईंच्या घरामागे विहीर आहे का, एवढं तरी विचार. ते निदान खरं-खोटं कळेल." मला हे सुचलंच नव्हतं. विहीर असेल तर अण्णांनी ती कुठूनतरी पाहिली असणार. तर विचारतो. विहीर आहे का? दार कुठल्या बाजूला आहे? नकाशात ते दक्षिणेला आहे, म्हणजे आमच्याकडे तोंड करून.

आणखी एक. पत्र बंद करायच्या आत हे लिहायला हवं, नाहीतर वरचं सगळं प्रामाणिक राहणार नाही.

अवेळमध्ये माझ्या नावाची अमेयवाडी आहे. पहिल्या नकाशापासून शेवटच्यापर्यंत ती सपाट आहे, एक रेघसुद्धा नाही. मी नेहमी घरीच होतो. ऑफिसातून आलो की अण्णा मान वर न करता म्हणायचे, "आलास? पंखा लाव." लोक मला लिहितात, तुम्ही किती भाग्यवान, तुमच्या वाट्याला शेत आलं. मी त्यांना आभाराचं उत्तर पाठवतो. पण ज्या दिवशी त्या कागदावर तुझ्या रेघा पाहिल्या, खोडलेल्या, पुन्हा काढलेल्या, त्या दिवशी आनंदाच्या मागोमाग जे आलं ते आनंद नव्हतं. त्यांनी तुझ्यासाठी एवढं खोडरबर झिजवलं. मला एकदाच काढलं आणि पुढे गेले.

म्हणून निळा म्हणताना मी तुझं ऐकतोय की मलाच निळा हवाय, हे मला ठरवता येत नाही. पांढरा म्हणालो तर या विचाराची भरपाई म्हणून म्हणतोय का, तेही नाही. दोन्ही बाजूंना मी स्वतःच उभा आहे, मग निवाडा कोण करणार?

वहिनी सतराला निघतायत. हे पत्र इथे थांबवतो.

अमेय


अल सद्द
शुक्रवार, ३१ ऑक्टोबर

ताई,

वहिनी काल आल्या. या वेळी त्यांनी आमच्या घरी बसून, चहा घेऊन, सगळं हातवारे करून सांगितलं. मी मध्ये मध्ये थांबवत होतो, तर म्हणाल्या, "भावोजी, ऑडिट नंतर करा, आधी ऐका."

तू त्यांना या वेळी बसा म्हणालीस. पत्र हातात घेतलं नाहीस. "माझे हात पिठाचे आहेत, तुम्हीच वाचा," म्हणालीस आणि चकल्या तळत राहिलीस. वहिनी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसून वाचत होत्या. बशीरचाचांच्या जागी तू "हं" म्हणालीस. अमेयवाडीच्या जागी गॅस बारीक केलास. पण त्याच्याही आधी, विहिरीपाशी, झारा हातात घेऊनच बाहेर आलीस.

"कुठे आहे म्हणालात विहीर?"

वहिनींनी पुन्हा वाचलं. घरामागे.

"विहीर? आमच्याकडे बोअर आहे! विहीर कुठून काढली या माणसाने? आणि दार दक्षिणेला? दक्षिणेला कोणी दार ठेवतं का? पूर्वेला आहे म्हणावं, पूर्वेला. पायऱ्या तीन. जास्वंद डाव्या हाताला. सांगा त्यांना."

वहिनींनी विचारलं, "कोणाला सांगू?"

तू चकल्यांचा डबा भरलास. मग डबा त्यांच्या हातात दिलास आणि म्हणालीस, "आणि ते टेकडी की खड्डा, ते त्याचं त्याने ठरवावं. ऑडिटर आहे ना मोठा."

चकल्या पोचल्या. वहिनींनी वजनात बसवण्यासाठी स्वतःचा अनारशांचा डबा मागे ठेवला, हे त्यांनी मला दोनदा सांगितलं. उर्वी म्हणाली, "आत्याज चकलीज आर बेटर दॅन यूअर्स," तर गौरी म्हणाली, "मग आत्यालाच सांग मराठीत." त्यावर उर्वी बराच वेळ तोंडातल्या तोंडात वाक्य जुळवत होती.

विहीर नाही. म्हणजे अण्णांनी काहीच पाहिलं नव्हतं, सगळं मनाने काढलं. हे तुझ्या बाजूचं की त्यांच्या? ज्याने जन्मभर न पाहिलेली रेघ शाईने ओढली नाही, त्याने तुझ्यासाठी आख्खी विहीर कल्पनेने खणली. पण न येता खणली. मी या दोन वाक्यांमधून पुढे सरकत नाही.

एक मात्र लक्षात आलं. इतके दिवस मी अण्णांच्या मनात काय होतं ते शोधतोय, आणि ते आता कोणालाच मिळणार नाही, मला तर नाहीच. तुझ्या घराचं दार पूर्वेला आहे, हे मात्र मला मिळालं. या दोन महिन्यांत मला मिळालेली ही पहिली खात्रीची गोष्ट. ती मी तुझ्या पिठाच्या हातांकडून, दुसऱ्याच्या तोंडून मिळवली. मी तुझा सख्खा भाऊ आणि मलाही तुझं दार ठाऊक नव्हतं. तू "यायचं नाही" अण्णांना म्हणाली होतीस, मला नाही. मी ते आपणहून स्वतःलाही लावून घेतलं.

आज ताहेरुन्निसाला म्हटलं, तो कागद छापू नका, बाकी पुस्तक तयार ठेवा. ती म्हणाली, "एक पन्ने के वास्ते पूरी किताब रोकूँ?" मी हो म्हटलं. तिने तारखा मोजल्या. मग म्हणाली, "पंद्रह तक. इन्शाल्ला. उसके बाद मैं नीला मार दूँगी, बोल के रखती."

हे पत्र न्यायला आत्ता जाणारं कोणी नाही. असू दे.


विमानात
गुरुवार, ६ नोव्हेंबर

ताई,

मूळ कागद घेऊन निघालोय. फोटोत येत नाही आणि शब्दांत मी तो नीट मांडू शकत नाही, म्हणून. ताहेरुन्निसाने देताना कागद ठेवलेली नळी दोन्ही हातांनी धरून ठेवली, सोडेचना. "ओरिजिनल है, अमेय साब. आपकी बहन ने ग़ुस्से में कुछ कर दिया तो?" मी म्हटलं, करेल कदाचित. ती म्हणाली, "तो फिर काहे को ले जा रहे?" तिने तरीही सोडली.

एअरपोर्टवर तपासणीच्या मुलाने नळी उघडायला लावली. कागद उलगडून बघितला. "नक्शा? किधर का है ये?" मागे रांग होती. मी इतका वेळ घेतला की त्याने स्वतःच गुंडाळून परत दिला आणि म्हणाला, "यल्ला, यल्ला, जाओ."

बरोबर ती निळी पेन्सिल घेतलीय आणि खोडरबर. आकडे तू लिही, नाहीतर पुसून टाक, नाहीतर दार पूर्वेला करून विहीर बुजव. तो तुझा तुकडा आहे आणि त्याचा रंग मी ठरवायचा नाही, एवढंच मला ठरवता आलं. तू काही न करता परत दिलास तर तसाच छापायला सांगेन.

तू ये म्हणालेली नाहीस. दिशा सांगितलीस, पायऱ्या सांगितल्यास, जास्वंद सांगितलीस, पण ये म्हणाली नाहीस. अण्णा असते तर याचा अर्थ लावत टेबलाशी बसले असते. मीही गेला आठवडा तेच केलं. नमितावहिनींना विचारलं, तुम्हाला काय वाटतं, ताईंना मी आलेलं चालेल का? त्या म्हणाल्या, "भावोजी, पत्ता विचारल्यावर बायका पत्ता सांगतात. न विचारता सांगितला तर त्याला काय म्हणतात, ते तुमचं तुम्ही बघा."

मी अजूनही बघतोय. चुकलो असेन तर पायऱ्यांवर बसेन आणि संध्याकाळच्या गाडीने मुंबईला परत जाईन. तू रागावशील तेही मी अण्णांच्या बाजूने ऐकून घेणार नाही आणि तुझ्याही बाजूने नाही. कोणाच्या बाजूने, ते मला ठाऊक नाही. मला फक्त यायचंय.

वेळ कळवलेली नाही. आपण आलो की कोणी वाट पाहत असेल, याची मला सवय नाही.

हे पत्र या वेळी कोणाच्या बॅगेत नाही. माझ्याच खिशात आहे. दार उघडलंस तर ते मी तुला देणार नाही, समोर बोलेन.

अमेय